कॉलेजच्या कोर्टावरून

(मंडळाच्या वर्धापनदिनी दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या वर्धापनदिनाला एखाद्या कर्तबगार स्त्रीचे चरित्र सांगण्याचा प्रघात आहे. आजवर या व्यासपीठावरून शिक्षिका, डॉक्टर, गायिका, समाजसेविका अशा कितीतरी जणींची चरित्रे आपण ऐकली. खेळाडू मात्र या पंक्तीत फारशा बसल्या नाहीत. म्हणून यंदा चिटणीसबाईंनी विषय विचारला तेव्हा मी म्हटले, टेनिस खेळणाऱ्या एका मुलीविषयी बोलेन. त्यांना वाटले, सानिया मिर्झाविषयी. सानियाची कहाणी आपल्या घराघरांत पोचलेली आहे, ती मी नव्याने काय सांगणार? मी बोलणार आहे ते अमेरिकेतील डॅनिएल कॉलिन्स हिच्याविषयी.

नाव ऐकून पुढच्या रांगेतल्या दोघीतिघींनी एकमेकींकडे पाहिले, ते मला दिसले. साहजिकच आहे. टेनिसच्या ज्या चार मोठ्या स्पर्धा, म्हणजे ऑस्ट्रेलियन, फ्रेंच, विंबल्डन आणि अमेरिकन, त्यांपैकी एकीचेही एकेरीचे विजेतेपद तिच्या नावावर नाही. एकदा ती उंबरठ्यापर्यंत जाऊन परत आली. तरीही तिची हकीकत मी निवडली, कारण ती आधी विद्यापीठाची पदवीधर झाली आणि मग धंदेवाईक खेळाडू. आणि या वाटेवर तिला एक दुखणे भेटले, ज्याविषयी बायकांनी बोलायचे नसते अशी आपल्याकडेच काय, अमेरिकेतही समजूत आहे. दोन्ही गोष्टी आपल्या मंडळात बोलण्यासारख्या आहेत.

‘धंदेवाईक’ हा शब्द ऐकून कोणी दचकू नये. बाईच्या नावापुढे तो लागला की आपल्या कानाला अजून जरा खटकते. खेळाच्या भाषेत त्याचा अर्थ एवढाच, की खेळावर जिचे पोट चालते ती धंदेवाईक, आणि खेळाचे बक्षीस म्हणून जिला फक्त ढाल मिळते ती हौशी. डॅनिएलच्या आयुष्यात या दोन शब्दांमधल्या रेषेला फार महत्त्व होते.

तिचा जन्म १३ डिसेंबर १९९३ चा. गाव सेंट पीटर्सबर्ग. रशियातले नव्हे, फ्लॉरिडातले. समुद्रकाठचे, ऊबदार हवेचे. वडील लोकांच्या बागा आणि हिरवळी राखण्याचे काम करीत, आई बालवाडीतल्या मुलांना शिकवी. घरी खाण्यापिण्याची ददात नव्हती, पण टेनिस हा खेळ खाण्यापिण्यावर भागत नाही. त्याचे अर्थकारण मी थोडे समजावून सांगते, म्हणजे पुढची गोष्ट नीट कळेल.

टेनिसमध्ये नाव काढायचे तर मुलीला आठव्या-नवव्या वर्षापासून खाजगी शिक्षक लागतो. बाराव्या-तेराव्या वर्षापासून कुमारांच्या स्पर्धांसाठी गावोगाव, पुढे देशोदेशी हिंडावे लागते. मुलगी एकटी जाऊ शकत नाही, म्हणून आई नाहीतर वडील बरोबर. विमानभाडे, हॉटेल, रॅकेटच्या तारा, दर थोड्या महिन्यांनी झिजणारे बूट. कित्येक मुली शाळा सोडून घरच्या घरी पत्रद्वारा किंवा हल्लीच्या पद्धतीने संगणकावर शिकतात आणि सोळा-सतराव्या वर्षी धंदेवाईक होतात. पोलंडच्या इगा श्विऑन्टेकने फ्रेंच स्पर्धा जिंकली, २०२० साली, तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती. ज्या वयात आपल्या मुली एफ. वाय.चे अर्ज भरतात, त्या वयात या खेळातल्या मुलींचे नशीब जवळजवळ ठरून गेलेले असते.

बागा राखणाऱ्याच्या घरात हे कसे जमावे? डॅनिएल गावातल्या सार्वजनिक कोर्टांवर खेळे. तिथे जो भेटेल तो प्रतिस्पर्धी. बहुतेक वेळा तिच्या दुप्पट-चौपट वयाची माणसे असत. कोणीच भेटले नाही तर समोर भिंत होती, आणि भिंत कधी थकत नाही. तिचा खेळ ज्यांनी पाहिला आहे त्यांना हे लगेच पटेल. चेंडू हवेत वर आला की त्याला ताकदीनिशी फटकावणे, मागे न हटणे, दोन्ही हातांनी मारलेला तो जबरदस्त बॅकहँड. मोठ्या माणसांसमोर लहान मुलीने टिकून राहायचे तर दुसरा उपाय काय?

परदेशच्या स्पर्धा परवडत नव्हत्या, तेव्हा कॉलेज हीच एक वाट उरली. ही वाटसुद्धा आयती नव्हती. तिच्या आधीच्या पिढीने ती खणून काढली होती, आणि त्याविषयी दोन शब्द सांगितल्याशिवाय पुढे जाणे बरे नव्हे.

बिली जीन किंग हे नाव आपल्यापैकी ज्येष्ठ भगिनींनी वर्तमानपत्रांत वाचले असेल. १९६१ साली सतराव्या वर्षी त्यांनी विंबल्डनला महिला दुहेरीचे विजेतेपद मिळवले. त्यानंतर त्या लॉस एंजेलिसच्या सरकारी कॉलेजात शिकायला गेल्या. विंबल्डनच्या विजेत्या मुलीला कॉलेजने किती शिष्यवृत्ती दिली असेल? काहीही नाही. त्याच शहरातल्या दुसऱ्या विद्यापीठांत टेनिस खेळणाऱ्या मुलग्यांना पूर्ण शिष्यवृत्त्या होत्या. मुलींसाठी अशी सोय करावी हे कोणाच्या डोक्यातच आले नव्हते. पुढे १९७२ साली अमेरिकेत एक कायदा झाला. सरकारी पैसा घेणाऱ्या कुठल्याही शिक्षणसंस्थेने स्त्री-पुरुष भेद करू नये, असे त्यातले एक कलम होते, आणि ते अवघे सदतीस शब्दांचे होते. मौज अशी, की त्या सदतीस शब्दांत खेळाचा उल्लेखही नाही. पण पुरुषांच्या संघाला मैदान, शिक्षक नि शिष्यवृत्ती द्यायची आणि मुलींना टाळायचे, हाही भेदच ठरतो, असा त्याचा अर्थ लागला. हळूहळू मुलींचे संघ उभे राहिले. आंतरविद्यापीठ क्रीडा संघटनेने १९८२ पासून मुलींसाठी टेनिसची राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा सुरू केली. कायदे दिल्लीत किंवा वॉशिंग्टनमध्ये होतात आणि त्यांचा उपयोग कुठल्या तरी गावच्या माळ्याच्या मुलीला चाळीस वर्षांनी होतो, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

डॅनिएलने पहिले वर्ष फ्लॉरिडा विद्यापीठात काढले आणि मग ती व्हर्जिनिया विद्यापीठात गेली. या विद्यापीठाशी आपल्या देशाचाही धागा आहे. सोमदेव देववर्मन याच विद्यापीठाकडून खेळला आणि २००७ व २००८ अशी लागोपाठ दोन वर्षे तो मुलांमध्ये राष्ट्रीय अजिंक्य ठरला. मुलींमध्ये मात्र व्हर्जिनियाच्या एकाही खेळाडूने ते पद मिळवले नव्हते. डॅनिएलने २०१४ साली ते मिळवले, आणि २०१६ साली पुन्हा मिळवले.

पहिल्या अजिंक्यपदाची एक आठवण सांगितलीच पाहिजे. कॉलेजची अजिंक्य मुलगी अमेरिकन असेल तर तिला न्यूयॉर्कच्या अमेरिकन ओपनमध्ये थेट प्रवेश देण्याचा त्या काळी रिवाज होता. ऑगस्ट २०१४ मध्ये डॅनिएल अशी प्रवेश घेऊन गेली आणि पहिल्याच फेरीत तिच्या वाट्याला आली रुमानियाची सिमोना हालेप. हालेप त्या वेळी जगात दुसऱ्या क्रमांकावर होती. ज्या भगिनींना टेनिसची गिनती ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. किमान सहा गेम, तेही दोनच्या फरकाने, आधी जिंकेल तिचा सेट. सहा-सहा अशी बरोबरी झाली तर शेवटी एक निर्णायक गेम होतो. आणि तीनपैकी दोन सेट जिंकेल तिचा सामना. कॉलेजच्या या मुलीने पहिला सेट बरोबरीपर्यंत नेला आणि निर्णायक गेममध्ये सात-दोन असा जिंकला. पुढचे दोन सेट हालेपने ६-१, ६-२ असे घेतले. जगातल्या दुसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूचे भान ठिकाणावर आले म्हणायचे.

पण ध्यानात घ्या, डॅनिएल त्या दिवशी हौशी होती. त्या वेळच्या कॉलेजच्या नियमाप्रमाणे विद्यार्थिनीने बक्षिसाची रक्कम खिशात घातली तर ती धंदेवाईक ठरे आणि कॉलेजच्या संघातून खेळण्याचा तिचा हक्क जाई. अमेरिकन ओपनमध्ये पहिल्या फेरीत हरणाऱ्यालाही बरीच मोठी रक्कम मिळते. माळ्याच्या घरात त्या रकमेचा अर्थ काय होता, हे आपण गृहिणी आहोत, आपल्याला सांगायला नको. ती परत व्हर्जिनियाला गेली आणि वर्गात जाऊन बसली. दोन वर्षांनी, २०१६ मध्ये, माध्यमशास्त्राची पदवी आणि दुसरे अजिंक्यपद अशी दोन्ही घेऊन बाहेर पडली. वय बावीस.

यावर टेनिसच्या जगात उघड कुजबुज असे. चार वर्षे फुकट घालवली, असे म्हणणारे पुष्कळ. कॉलेजात जाणे म्हणजे धंदेवाईक खेळाचा नाद सोडणे, अशीच त्या वेळी कित्येकांची समजूत होती. मला स्वतःला हा हिशेब पटत नाही. सोळाव्या वर्षी दुखापत झालेल्या मुलीच्या हाती काय उरते? ना पदवी, ना खेळ. डॅनिएलने पदवी आधी मिळवली आणि मग खेळाचा जुगार खेळली. शिवाय कॉलेजच्या चार वर्षांत शिक्षक, मैदान, व्यायामशाळा, वैद्य, प्रवास, सारे विद्यापीठाच्या खर्चाने झाले. जे श्रीमंत मुलींना बापाच्या पैशाने मिळते, ते तिला विद्यापीठाच्या पैशाने मिळाले, एवढाच फरक. आणि वर एक पदवी. आपल्याकडची ऋतुजा भोसलेही अशीच अमेरिकेत टेक्सास ए. अँड एम. विद्यापीठाकडून खेळली आणि मग परत येऊन धंदेवाईक झाली. २०२३ साली हांगझाऊच्या आशियाई खेळांत रोहन बोपण्णाबरोबर तिने मिश्र दुहेरीचे सुवर्णपदक मिळवले तेव्हा पेढे वाटलेले पुष्कळांना आठवत असेल.

धंदेवाईक झाल्याबरोबर गाडीघोडे आले, असे मात्र कोणी समजू नका. खालच्या पायरीच्या स्पर्धांत त्या वेळी सबंध स्पर्धेचे बक्षीस पंधरा नाहीतर पंचवीस हजार डॉलर असे. ते सगळ्या खेळाडूंत वाटले जाई, आणि लवकर हरणारीला येण्याजाण्याचा खर्चही सुटत नसे. डॅनिएलने दीड-पावणेदोन वर्षे या पायऱ्यांवर काढली. हा काळ मी भराभर ओलांडते, कारण सगळ्या हालअपेष्टा सारख्याच असतात.

२०१८ साल उजाडले आणि तिचा खेळ दिसू लागला. जानेवारीत तिने न्यूपोर्ट बीचची एक स्पर्धा जिंकली. मार्चमध्ये मायामीच्या मोठ्या स्पर्धेत ती पात्रता फेरीतून आली, म्हणजे मुख्य दरवाजाने नव्हे, मागच्या अंगणातून. एकेक सामना जिंकत उपउपांत्य फेरीत पोचली आणि समोर कोण? व्हीनस विल्यम्स. डॅनिएल जन्मली त्याच्या पुढच्याच वर्षी व्हीनस धंदेवाईक झाली होती. लहानपणापासून डॅनिएलने जिला देवीच्या ठिकाणी मानले तीच ही व्हीनस. तिला पहिल्यांदा कपडे बदलण्याच्या खोलीत पाहिले तेव्हा रडूच यायचे बाकी होते, असे डॅनिएलने नंतर सांगितले. पण कोर्टावर उतरली आणि ६-२, ६-३ असा तिचा पराभव केला. भक्तीला भक्तीच्या जागी ठेवावे आणि कामाला कामाच्या जागी, हे तिला चांगले साधले. उपांत्य फेरीत ती हरली, पण पात्रता फेरीतून येऊन मायामीच्या उपांत्य फेरीपर्यंत त्यापूर्वी कोणीच गेलेले नव्हते.

पुढच्या वर्षी, जानेवारी २०१९ मध्ये, ती मेलबर्नला ऑस्ट्रेलियन ओपनसाठी गेली. चार मोठ्या स्पर्धांपैकी कुठल्याही स्पर्धेत तोवर तिने मुख्य फेरीतला एकही सामना जिंकला नव्हता. त्या पंधरवड्यात तिने पाच जिंकले. दुसऱ्या मानांकनाच्या अँजेलिक कर्बरला तर ६-०, ६-२ असे उडवले. तासाभरात सामना संपला. उपांत्य फेरीत पेट्रा क्विटोवाने तिला रोखले.

सगळे चांगले चाललेले असतानाच त्याच वर्षी तिला सांधे धरणे, सकाळी उठताना हातपाय न वळणे, असा त्रास अंगाशी आलेला कळला. तपासणीत निघाला आमवात, ज्याला डॉक्टर ऱ्हुमॅटॉइड आर्थ्रायटिस म्हणतात. यात शरीराची संरक्षक शक्ती आपल्याच सांध्यांवर उलटते. म्हातारपणीच्या गुडघेदुखीशी त्याची गल्लत करू नये. तो तरुणपणीही होतो आणि पुरुषांपेक्षा बायकांना अधिक होतो. पंचविशीतल्या टेनिसपटूला आमवात, म्हणजे गवयाचा गळा बसण्यासारखेच. आहार, औषध, विश्रांती सांभाळून ती खेळत राहिली आणि २०२० च्या फ्रेंच ओपनमध्ये उपउपांत्य फेरीपर्यंत गेलीही.

पण दुसरे दुखणे याहून जुने होते. आता मी जे बोलणार आहे त्यासाठी पुरुष मंडळींनी उठून जाण्याचे कारण नाही, उलट बसावे.

डॅनिएलला मासिक पाळीच्या दिवसांत असह्य वेदना होत. कंबर धरे, पोटात पिळवटून येई, औषधाच्या गोळ्या घेऊन ती कोर्टावर उतरे. डॉक्टरांना विचारले तर उत्तर ठरलेले: पाळीच्या वेळी दुखायचेच, त्यात विशेष काय. अशी वर्षे गेली. २०२१ च्या सुरुवातीला, ऑस्ट्रेलियातल्या स्पर्धांच्या सुमारास, दुखणे इतके वाढले की पुढे ढकलणे शक्यच राहिले नाही. निदान झाले एंडोमेट्रिओसिस. त्या वसंत ऋतूत शस्त्रक्रिया झाली, आणि डॉक्टरांनी जी गाठ काढली ती टेनिसच्या चेंडूएवढी होती, असे तिने स्वतः जाहीरपणे सांगितले.

या आजाराचे नाव अवघड आहे, आजार मात्र घरोघरचा आहे. गर्भाशयाला आतून जे अस्तर असते, तशाच प्रकारचे अस्तर गर्भाशयाच्या बाहेर, बीजकोशावर, आतड्यांच्या आसपास, ओटीपोटात वाढू लागते. तिथे दाह होतो, व्रण पडतात, अवयव एकमेकांना चिकटू शकतात आणि गाठी होतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे मूल होण्याच्या वयातल्या दर दहा स्त्रियांमागे सुमारे एकीला, म्हणजे जगभरात सुमारे एकोणीस कोटी स्त्रियांना आणि मुलींना, हा आजार आहे. पहिली वेदना सुरू झाल्यापासून नाव कळेपर्यंत चार ते बारा वर्षे जातात. तो समूळ बरा करण्याचा उपाय अजून सापडलेला नाही. औषधांनी आणि शस्त्रक्रियेने वेदना कमी करता येते. मूल राहण्यातही त्यामुळे अडचण येऊ शकते.

ही चार ते बारा वर्षे कुठे जातात? आपल्या घरांतच जातात. ‘कावळा शिवला’ म्हणून मुलीला कोपऱ्यात बसवण्याचे दिवस गेले हे खरे, पण ती पोट धरून बसली की आपल्या तोंडून अजूनही काय निघते? ओव्याची पुरचुंडी शेकायला देऊन आपण म्हणतो, “आम्हालाही दुखायचे हो!” पुढे म्हणतो, “लग्न झाले की बरे होईल.” लग्न झाले की म्हणतो, “एक बाळंतपण होऊ दे, मग सगळे सुरळीत.” गरम पाण्याच्या पिशवीला माझा विरोध नाही, ती मीही वापरली आहे. पण महिन्यामागून महिने मुलगी शाळा बुडवते, अंथरुणातून उठू शकत नाही, तेव्हा पिशवीबरोबर डॉक्टरही हवा. आणि एका डॉक्टरने ‘असायचेच’ म्हटले तर दुसरा हवा. डॅनिएलच्या दिमतीला व्यायामतज्ज्ञ होते, जगातली उत्तम इस्पितळे होती, तरी तिला इतकी वर्षे लागली. बिचाऱ्या इतरांची काय कथा?

शस्त्रक्रियेनंतर ती त्याच वर्षी फ्रेंच ओपन खेळली, आणि जुलैमध्ये इटलीतल्या पालेर्मो येथे धंदेवाईक दौऱ्यावरचे आपले पहिले विजेतेपद तिने जिंकले. अठ्ठाविसावे वर्ष चालू होते. लगोलग ऑगस्टमध्ये सॅन होजेचे दुसरे. दुखणे अंगात बाळगून जी इथवर आली, तिचे दुखणे जरा कमी झाल्यावर काय झाले ते पाहा: सहा महिन्यांनी, जानेवारी २०२२ मध्ये, ती ऑस्ट्रेलियन ओपनच्या अंतिम सामन्यात होती.

उपांत्य सामन्यात तिने श्विऑन्टेकला ६-४, ६-१ असे हरवले. अंतिम सामन्यात समोर ऑस्ट्रेलियाचीच अ‍ॅश बार्टी, जगात पहिल्या क्रमांकाची. १९७८ नंतर एकाही ऑस्ट्रेलियन खेळाडूने ही स्पर्धा एकेरीत घरच्या मैदानावर जिंकली नव्हती, त्यामुळे सबंध देश डोळे लावून बसला होता. पहिला सेट बार्टीने ६-३ असा घेतला. दुसऱ्यात डॅनिएलने असा तडाखा लावला की फलक ५-१ दाखवू लागला. एक गेम हवा होता. आपल्या सर्व्हिसवर तो घेण्याची संधी तिला दोनदा मिळाली. प्रेक्षक एका बाजूचे, बार्टीचा तो खाली घसरत जाणारा कापलेला बॅकहँड, आणि थोडी घाई. पाच-एकचे पाच-पाच झाले. निर्णायक गेम बार्टीने सात-दोन असा जिंकला. घशाशी आलेला घास गेला. हा सामना मी दोनदा पाहिला आहे आणि दोन्ही वेळा ५-१ ला मला वाटले, की आता होणार! त्या वर्षी डॅनिएल पहिल्या दहांत आली, जुलैमध्ये सातव्या क्रमांकापर्यंत चढली.

तिच्या स्वभावाविषयी बोलायचे राहिले. ती कोर्टावर शांत नसते. गुण मिळाला की मूठ आवळून अशी ओरडते की शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जावे. चाहत्यांनी ‘अ‍ॅनिमल’ला तिचे नाव जोडून ‘डॅनिमल’ असे टोपणनावच ठेवले आहे. जानेवारी २०२५ मध्ये मेलबर्नला एका स्थानिक मुलीविरुद्ध खेळताना प्रेक्षकांनी तिची हुर्यो उडवली, तेव्हा जिंकल्यावर तिने त्यांच्याकडे पाहून हवेत मुके उडवले, आणि नंतर म्हणाली, की या मंडळींनीही तिकिटाचे पैसे भरले आहेत, त्यातूनच माझी बिले भागतात. मला हे फारसे आवडले नाही. जिंकलेल्याने थोडे गप्प बसावे, अशा मताची मी आहे. माझी नात म्हणते, “आजी, पुरुष खेळाडू रॅकेटी मोडतात तेव्हा तुम्ही त्याला जिद्द म्हणता.” यावर माझ्याजवळ अजून उत्तर नाही.

आता २०२४ साल. ऑस्ट्रेलियन ओपनच्या दुसऱ्या फेरीत तिसऱ्या सेटमध्ये ४-१ अशी पुढे असूनही ती श्विऑन्टेककडून हरली. त्यानंतर तिने जाहीर केले, की हे आपले शेवटचे वर्ष. वय तीस. दोन दुखणी अंगात, आणि मूल व्हावे ही इच्छा. एंडोमेट्रिओसिस असलेल्या बाईला मुलासाठी वाट पाहत बसणे परवडत नाही.

आणि मग मार्चमध्ये मायामी! तिचेच राज्य, तिचीच हवा. जागतिक क्रमवारीत ती त्रेपन्नावी होती. पहिल्या सामन्यातला पहिलाच सेट ती हरली आणि त्यानंतर स्पर्धेत एकही सेट हरली नाही. सात सामने जिंकून, अंतिम सामन्यात एलेना रिबाकिनाला ७-५, ६-३ असे हरवून तिने आपल्या आयुष्यातले सर्वांत मोठे विजेतेपद मिळवले. बक्षीस अकरा लाख डॉलर. सहा वर्षांपूर्वी याच स्पर्धेत ती मागच्या अंगणातून आली होती. आठवड्याने चार्ल्सटनची स्पर्धाही तिनेच जिंकली. अंतिम सामना ६-२, ६-१. ओळीने पंधरा सामने ती हरली नाही. पुढे माद्रिदमध्ये सबालेंकाने ही मालिका तोडली.

ही एवढी दौड पाहून पत्रकारांनी तिचा पिच्छाच पुरवला. इतकी चांगली खेळतेस, मग निवृत्त का होतेस? विचार बदललास का? प्रत्येक सामन्यानंतर तोच प्रश्न. हा माझा खाजगी निर्णय आहे आणि त्याला प्रकृतीचे कारण आहे, हे तिला पुन्हा पुन्हा सांगावे लागले. भगिनींनो, ‘पाळणा कधी हलणार’ हे विचारणाऱ्या बायका आपल्याला नव्या नाहीत. इथे प्रश्न उलटा होता, पण भोचकपणा तोच.

त्या उन्हाळ्यात ती पॅरिसच्या ऑलिम्पिकमध्ये अमेरिकेकडून खेळली आणि दुखापतीमुळे उपउपांत्य सामना अर्धवट सोडून तिला परतावे लागले. ऑक्टोबर २०२४ मध्ये तिने पुन्हा एक निवेदन काढले. एंडोमेट्रिओसिस आणि मूल होण्याचा प्रश्न यांच्याशी अनेक बायका झगडत असतात, आपणही तज्ज्ञांना भेटत आहोत, वाटले होते त्याहून या गोष्टीला अधिक वेळ लागणार आहे, म्हणून २०२५ मध्येही आपण खेळत राहू, असा त्याचा आशय होता. निवृत्तीचा निर्णय तिने जाहीरपणे घेतला होता, तो मागेही जाहीरपणे घेतला, आणि दोन्ही वेळा कारण लपवले नाही. ‘वैयक्तिक कारणास्तव’ अशी दोन शब्दांची पळवाट तिला सहज घेता आली असती. आपण तर ती हळदीकुंकवाचे आमंत्रण टाळतानाही घेतो.

त्याप्रमाणे ती २०२५ च्या हंगामात पुन्हा कोर्टावर उतरली. मे महिन्यात रोमला तिने श्विऑन्टेकला सरळ दोन सेटमध्ये हरवले. ज्या मुलीकडून हरल्यावर निवृत्ती जाहीर केली होती, तीच ही.

माझे बोलणे इथे थांबवते, कारण चिटणीसबाई घड्याळाकडे पाहू लागल्या आहेत आणि चहा निवत असेल. आपल्या मंडळाच्या सभासद डॉक्टरबाई आज मुद्दाम थांबल्या आहेत. मघाशी मी त्या आजाराविषयी जे सांगितले, त्यावर कोणाला स्वतःविषयी, लेकीविषयी वा सुनेविषयी काही विचारायचे असेल तर त्या मागच्या खोलीत बसणार आहेत. दार लोटून घेता येते.